मंगळवारचं नाव

आमच्या ह्यांची सुट्टी मंगळवारी असायची. सगळ्या जगाला रविवार आणि आमच्या घराला मंगळवार. हे मुंबईला ग्रँट रोडच्या बाजूला एका थिएटरात कामाला होते. लोकांच्या डोक्यावरून उजेडाचा झोत जातो ना, तो जिथून सुटतो त्या मागच्या उंच खोलीत. मशीन चालवणारा मोठा ऑपरेटर वेगळा, हे त्याच्या हाताखाली. रिळं गुंडाळायची, तुटलेली फिल्म चिकटवायची, उकाड्यात घामाघूम व्हायचं. रविवारी तिथे गर्दी असणार, मग सुट्टी कुठली द्यायला? मंगळवारी सकाळी हे वसई रोडला उतरायचे, टांग्याने गावापर्यंत यायचे आणि पुढे चालत गिरीजला, वाडीतल्या घरी. बुधवारी पहाटे परत.

म्हणजे सहा दिवस मी एकटी. घरात माणसं होती हो! सासूबाई होत्या, थोरले दीर, जाऊ आणि जावेची तीन पोरं. सासूबाई वाईट नव्हत्या, हे आधीच सांगून टाकते, कारण सासू म्हटलं की ऐकणारे लगेच कान टवकारतात. त्यांना मुळात बोलायचीच सवय नव्हती. दीर दिवसभर रहाटावर आणि पाटाच्या पाण्यात. जाऊ पोरांत बुडालेली. मला कोणी टाकून बोललं नाही, छळलं नाही, आणि कोणी हाकही मारली नाही. राजेळी केळी सोलून सुकेळ्यांसाठी उन्हात मांडायची, उलटायची, कावळे हाकलायचे, हे काम माझ्याकडे. दुपारभर मी आणि कावळे. कावळ्यांशी बोलायचे मी, खोटं कशाला सांगू.

हाक मारायची तर कुठल्या नावाने? लग्नात माझं नाव बदललं होतं. तेव्हा सर्रास बदलायचे. ताटात तांदूळ पसरले, ह्यांनी अंगठीने त्यावर नवं नाव लिहिलं, ताट सगळ्यांपुढे फिरवलं आणि दुसऱ्या दिवशी जावेने तेच तांदूळ भाताला घेतले. त्यानंतर ते नाव मला कोणाच्या तोंडून ऐकू आलं नाही. नवऱ्याने चारचौघांत बायकोचं नाव घ्यायचं नाही, बायकोने नवऱ्याचं तर मेली तरी नाही. सासूबाई 'अगं' म्हणायच्या. जाऊ तेवढेही कष्ट घ्यायची नाही, ती नुसतं भांडं पुढे सरकवायची. माहेरचं नाव उमेळ्याला राहिलं, सासरचं शिजून गेलं. अर्नाळ्याची कोळीण मासळी घेऊन यायची, ओट्यावर टोपली टेकवून म्हणायची, "पानी दे गो बाय." हाक म्हणावी अशी तेवढीच. मी तिला मुद्दाम दोनदा पाणी विचारायचे.

मंगळवारी मात्र घराचा नूरच पालटायचा. हे मोठे थट्टेखोर. ह्यांच्या थिएटरात इंग्रजी सिनेमे लागायचे आणि मोठा सिनेमा सुरू व्हायच्या आधी एक छोटा, हाताने काढलेल्या चित्रांचा. कार्टून. हा शब्द आमच्या वाडीत ह्यांनीच आणला. तेच रीळ दिवसातून तीन-तीनदा बघून ह्यांना सगळं पाठ. अंगणात पोरांना बसवायचे आणि करून दाखवायचे. मांजर धावत येतं आणि भिंतीवर आपटून चपटं होतं, म्हणून हे खरोखर दाराला चिकटून उभे राहायचे आणि मग एकेक हात सोडवत खाली गळायचे. डोक्यात हातोडा बसला की टेंगूळ वर येतं, त्यासाठी टोपीखाली करवंटी ठेवलेली असायची. पोरं लोळायची. थोरले दीर इतके गंभीर, तेही तोंड फिरवून खांदे हलवायचे.

एकदा ह्यांनी केळ्याच्या सालीवरून घसरायचं दाखवायचं ठरवलं. सिनेमात म्हणे ते हमखास असतं. साल अंगणात टाकली, आत जाऊन कोट चढवला, साहेबासारखे ऐटीत चालत बाहेर आले, तर साल गायब! म्हशीने केव्हाच गिळली होती. सासूबाई म्हणाल्या, "वाटेवर साल टाकतात? म्हैस नाही का त्या लोकांकडे?" त्या दिवशी हे न घसरताच पडले, हसून हसून. सासूबाईंना शेवटपर्यंत कळलं नाही की आपण काय विनोद केला.

लग्नाला सात-आठ महिने झाले असतील. स्वातंत्र्य येऊन दीड-दोन वर्षं लोटली होती. एका मंगळवारी हे मला म्हणाले, चल, तुला खरं कार्टून दाखवतो. मी हरखून गेले. हिरवं लुगडं, नाकात नथ, जणू लग्नालाच निघाले होते. मुंबई मी पहिल्यांदाच बघत होते आणि खरं सांगायचं तर मला ती मुळीच आवडली नाही. ना झाड, ना मोकळी जमीन. दोन तासांत मला घराची आठवण यायला लागली, आणि मजा म्हणजे आठवण येत होती ती उमेळ्याची नाही, गिरीजच्या वाडीची. आपल्याला सासर आवडायला लागलंय हे मला ग्रँट रोडला कळलं.

थिएटरात हे माझ्या शेजारी बसले. इतक्या माणसांत शेजारी बसायची ती पहिलीच वेळ. दिवे गेले, बाजा वाजायला लागला आणि पडद्यावर काय आलं? समुद्र! पांढरी वाळू, वाकलेले माड, झावळ्यांनी शाकारलेल्या झोपड्या आणि मागे केळीची बाग. घड लोंबतायत. माझं भानच हरपलं. मी ह्यांचा दंड धरला आणि जोरात, अगदी खड्या आवाजात म्हणाले, "अगंबाई! अहो बघा, हे तर आपल्याकडचं! आपली वाडी!"

आणि त्याच क्षणाला केळीमागून ते लोक बाहेर आले. डांबरासारखे काळे. भोपळ्याएवढी डोकी, बशांसारखे डोळे, पांढरे जाडजूड ओठ, केसांत हाड खोचलेलं आणि कमरेला गवत. भाले नाचवत 'उंगा! उंगा!' ओरडत आले, एका टोपीवाल्या साहेबाला धरलं आणि हंड्यात बसवून खाली जाळ केला. वरून मीठ घालतायत, गाजरं चिरून टाकतायत.

आमच्या पुढच्या रांगेतला एक माणूस वळून माझ्याकडे बघायला लागला. पडद्याचा उजेड माझ्या तोंडावर होता. आता मी कशी दिसते ते सांगायला हवं. मी सावळी नव्हे. सावळी हा शब्द मुलगी खपवायला असतो. मी काळी, चांगली काळी, आणि ओठही तसे जाडच. तो माणूस मोठ्याने म्हणाला, "वा! बाईंना माहेरची माणसं भेटली!" आणि आजूबाजूच्या चार रांगा हसल्या. मग पडद्यावर साहेबाने हंड्यातून उडी मारली, त्या काळ्यांना बडवायला सुरुवात केली. एकाच्या डोक्यावर नारळ पडला, एक सालीवरून घसरून दुसऱ्यावर आपटला, तिसऱ्याची तर पोळी झाली. जितके बडवले जातील तितके लोक हसत होते आणि मधूनच मागे वळून माझ्याकडे बघत होते.

मी ह्यांच्याकडे बघितलं. हे पोट धरून हसत होते. डोळ्यांतून पाणी येत होतं ह्यांच्या. मग मीही हसले. दुसरं काय करणार होते? नवी नवरी, नवरा शेजारी बसून हसतोय आणि ही रडतेय, हे बरं दिसलं असतं का? पदर तोंडात धरून हसले, चांगली जोरात हसले. आतून मात्र मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं.

एक गोष्ट पुढे कितीतरी वर्षांनी सुकेळी उलटताना माझ्या ध्यानात आली आणि तेव्हा जो राग आला तो आजही आहे. ज्या कोणी ते चित्र काढलं, त्याने केळीचा घड जन्मात पाहिलेला नव्हता. त्याची केळी सगळी खाली तोंड करून लोंबत होती. घडावरचं केळं वर वळलेलं असतं, खाली लोंबतं ते केळफूल. आमच्या वाडीतल्या चार वर्षांच्या पोराला विचारा. ज्याला केळं कुठे वळतं ते ठाऊक नाही, त्याने तिथली माणसं तरी कुठून पाहिली असणार? घरी बसून काढली मेल्याने. तशी बेटं असतीलही कुठे, तिथेही माझ्यासारखी कोणी केळी वाळवत असेल आणि तिला कल्पनाही नसेल की आपल्यावर इतकं हसतात.

पण तेव्हा यातलं काही सुचलं नाही. परत येताना हे टांग्यात माझ्याकडे बघून मधेच फिसकन हसायचे. पुढच्या मंगळवारी हे बांधावरून येताना दिसले आणि तिथूनच खणखणीत हाक आली, "उंगी!" उंगा उंगा करणाऱ्यांतली बाई, म्हणून उंगी. पोरांनी सगळी कथा ऐकली आणि झालं, मी उंगीकाकी. जाऊ, जिने मला तोवर एकदाही हाक मारली नव्हती, तीही म्हणायला लागली, "उंगी, पाणी तापलं का बघ." सासूबाई तेवढ्या 'अगं'वरच राहिल्या.

मंगळवारच्या खेळात मला आता भूमिका मिळाली. हे साहेब, डोक्यावर टोपलं. पोरं रानटी, मी त्यांची राणी, हातात भाताचा डाव. ह्यांना पाणी तापवायच्या हंड्याजवळ उभं करायचं आणि भोवती नाचायचं. मग हे उलटून आम्हाला बडवायचे, म्हणजे लटकेच, आणि आम्ही धडाधड पडायचो. पोरांना तोंडाला चुलीची काजळी फासावी लागायची. मला नाही.

आता एक कबूल करते, आणि हे कबूल करायला मला फार वर्षं लागली. मला ते आवडायचंही. अपमान कळत होता, तरी आवडायचं. सहा दिवस कोणी ढुंकून न बघितलेल्या बाईकडे सातव्या दिवशी सगळं घर बघत होतं. हे बघत होते. ह्यांची ती हाक बांधावरून आली की माझ्या हातातलं काम गळून पडायचं आणि मी दारात जायचे. दुसऱ्या कोणाच्या नवऱ्याने बायकोला अशी मोकळी हाक मारलेली आमच्या वाडीत कोणी ऐकली नव्हती. बायका विहिरीवर हेव्याने म्हणायच्या, तुझं बाई नशीब. आणि मग रात्री अंथरुणावर पडले की पडद्यावरचे ते ओठ आठवायचे आणि मी माझ्या ओठांना हात लावून बघायचे. असं मी किती वर्षं केलं ते मोजलेलं नाही.

उमेळ्याला माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न होतं. ऐन पंगतीत पुतण्याने मांडवाच्या या टोकापासून त्या टोकाला हाक मारली, "उंगीकाकी, जिलबी!" माझ्या आईचा वाढता हात थांबला. तिने मला बाजूला घेऊन विचारलं, "हे गं कसलं नाव?" मी म्हणाले, "लाडाचं आहे." आईने माझ्याकडे जरा वेळ बघितलं आणि म्हणाली, "असेल हो." आणि पुन्हा वाढायला गेली. त्या दिवशी मला जेवण गेलं नाही.

मधे एकदा मला आशा वाटली होती. एका मंगळवारी हे आले ते घुश्शात. खेळ नाही, काही नाही. विचारलं तर म्हणाले, नवीन कार्टून लागलंय, त्यात आपल्याच देशातली माणसं दाखवलीत. खिळ्यांवर बसलेला हाडकुळा साधू, पागोट्यात साप, आणि एक राजा हत्तीवरून पडतो तो थेट शेणात. "बंदरावरचे गोरे खलाशी असे खिदळत होते," हे म्हणाले, "आणि मी वर बसून रीळ फिरवतोय. आपण काय असे असतो? कोण बसतं आपल्यात खिळ्यांवर?" ह्यांचे कान लाल झाले होते. मी पानात वाढत होते. मला वाटलं, आता कळेल. आता ह्यांच्या डोक्यात उजेड पडेल. मी वाट बघत उभी राहिले. ह्यांनी भात कालवला आणि म्हणाले, "उंगी, आमटी आण."

लग्नाच्या पाचव्या वर्षी मला दिवस राहिले. बाळंतपणाला उमेळ्याला गेले, मुलगी झाली. माझ्याच रंगाची, माझ्याच तोंडावळ्याची. बारसं ह्यांच्यासाठी मुद्दाम मंगळवारी धरलं. गिरीजहून सगळे आले. हे पाळण्यापाशी गेले, वाकून बघितलं आणि ह्यांचं तोंड असं उजळलं! मी आयुष्यात त्यांना इतकं आनंदलेलं बघितलं नाही. वळून सगळ्यांना म्हणाले, "अरे वा! उंगीला उंगी झाली!" सगळे हसले. सवयीने माझ्याही ओठांवर हसू आलं. आलं होतं, नाही कशाला म्हणू.

तेवढ्यात मधला पुतण्या पाळण्यावर वाकला. बारशात बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगतात, ते त्याने पाहिलेलं होतं. माझ्या मुलीच्या कानाशी तोंड नेऊन तो म्हणाला, "कुर्र, उंगी." अजून तिचं खरं नाव कोणी घेतलं नव्हतं. तिच्या कानात पडलेलं पहिलं नाव ते.

मी त्याच्या थोबाडीत मारली. जावेच्या पोराच्या, भरल्या मांडवात, बारा दिवसांच्या बाळंतिणीने. पोरगं भोकाड पसरून रडायला लागलं, जाऊ धावली, आईने कपाळाला हात लावला. हे माझ्या मागोमाग आतल्या खोलीत आले.

"पोराला का मारलंस? डोकं फिरलं का तुझं?"

"तिला ते नाव नको."

"अगं, थट्टा केली त्याने."

"मलाही नको," मी म्हणाले. "मला कधीच नको होतं."

हे खाटेच्या कडेला बसले. त्यांना खरोखर कळेना. "तू तर हसायचीस," म्हणाले. "सगळ्यांत मोठ्याने तूच हसायचीस. त्या दिवशी थिएटरात माझ्यापेक्षा तू जास्त हसलीस."

"तुम्ही हसत होता म्हणून."

 बाहेर बायका पाळणा म्हणायला खोळंबल्या होत्या. ह्यांचा चेहरा पार उतरला होता, आणि मला एकदम दिसलं की ह्या माणसाने मला पाच वर्षांत दिलेली सगळी माया त्या एका शब्दात कोंबली होती. ती दुसऱ्या कुठल्या तऱ्हेने द्यायची ते त्याला येतच नव्हतं. मग ह्यांनी हळूच विचारलं, "मग तुला काय म्हणू?"

माझं नाव घ्या, म्हणायचं होतं. जिभेवर आलं होतं. पण बायकोने नवऱ्याला असं सांगायचं असतं हे मला कोणी शिकवलं नव्हतं, आणि रागही उतरला नव्हता. मी म्हणाले, "काही म्हणू नका."

शब्दाचा पक्का माणूस. गिरीजला गेल्यावर ह्यांनी पोरांना सांगितलं, पुन्हा ते नाव ऐकलं तर पाठ मऊ करीन. जाऊ परत भांडं सरकवायला लागली. मंगळवारी पोरं अंगणात जमून बसायची, हे म्हणायचे, आज दमलोय रे. हळूहळू पोरं जमायची थांबली आणि मला बघितलं की गप्प होऊन बाजूला व्हायला लागली. त्यांच्या लेखी मी घरातलं हसू बंद पाडलं होतं. खोटं तरी कुठे होतं ते?

आणि हे? मी बाळाला घेऊन गिरीजला परतले, त्यानंतरच्या पहिल्याच मंगळवारी हे आले, मी आतून पाऊल ओळखलं. बांधावर थांबले. तोंड उघडलेलं मला खिडकीतून दिसलं. मग मिटलं. मग हे खोकले. मी दारात गेले. तेव्हापासून मला बोलवायचं तर हे खोकायचे. पाणी हवं, टॉवेल हवा, मी परसात आहे की वाडीत हे बघायचं, की एक छोटा कोरडा खोकला. मुलीला नावाने हाक मारायचे, पूर्ण नावाने, प्रेमाने. मला खोकला. तीस वर्षं संसार केला आम्ही. तीस वर्षांत कितीदा वाटलं की म्हणावं, अहो, पुरे झालं, म्हणा परत काय हवं ते. नाही म्हटलं. माझ्याही तोंडात कोणी बोळा कोंबला होता का? मानी होते मी, दुसरं काय.

शेवटी ह्यांना छातीचं दुखणं लागलं. दिवसरात्र खोकला. डॉक्टर म्हणाले, आवाजाकडे लक्ष देऊ नका, तुम्हीही जरा पडा, नाहीतर तुम्ही आजारी पडाल. त्यांना काय सांगणार? दुखण्याचा खोकला कुठला आणि माझा कुठला, हे मला कळत नव्हतं. म्हणून मी प्रत्येक खोकल्याला उठत होते.